किल्ली ज्याच्या हातात, सही त्याचीच

बालगृहांमधली परिस्थिती दाखवणारा एखादा माहितीपट गाजायला लागला की पाहणाऱ्यांच्या तोंडून दोन प्रश्न निघतात, पुष्कळदा एकाच माणसाच्या तोंडून. पहिला तिडिकीने: हे इतकी वर्षं कुणी दाखवलं कसं नाही? दुसरा जरा वेळाने, डोळे पुसून झाल्यावर: पण त्या पोरांना असं जगासमोर उघडं केलंच कसं? दोन्ही प्रश्न रास्त आहेत आणि दोन्ही एकमेकांच्या पायांत येतात. पहिल्याचं समाधान करायचं तर कॅमेरा आत न्यावा लागतो, आणि तो आत गेला की दुसरा प्रश्न दारातच उभा असतो.

‘संस्था’ हा शब्द इथे ढोबळपणे वापरतो आहे. अनाथाश्रम, बालगृह, निरीक्षणगृह, अपंग मुलांचं निवासी केंद्र, लांबच्या मुक्कामाचं रुग्णालयसुद्धा. मूल घरच्यांपासून दूर राहतं आणि दाराची किल्ली पगारी माणसाकडे असते, अशी कुठलीही जागा.

परत घ्यायची राहून गेलेली किल्ली

न्यूयॉर्कच्या स्टेटन आयलंडवर विलोब्रुक नावाची सरकारी संस्था होती, बौद्धिक अपंगत्व असलेल्या मुलांसाठी आणि मोठ्यांसाठी. बांधली होती ४,००० जणांसाठी. १९६५ मध्ये आत ६,००० माणसं कोंबलेली होती. त्या वर्षी सिनेटर रॉबर्ट केनेडी तिथे जाऊन आले, बाहेर येऊन त्यांनी तिला सापांच्या खड्ड्याची उपमा दिली, बातम्या झाल्या. फारसं काही हललं नाही. मग १९७२ च्या सुरुवातीला, तिथून नुकताच काढून टाकलेला एक डॉक्टर पुढे आला. त्याला नोकरीवरून काढलं होतं, पण एका इमारतीची किल्ली त्याच्याकडून परत घ्यायची राहून गेली होती. त्या किल्लीच्या जोरावर हेराल्डो रिव्हेरा हा तरुण टीव्ही वार्ताहर कॅमेरा घेऊन आत शिरला. कुणाची परवानगी नाही, कुणाला पूर्वकल्पना नाही. अंधुक खोलीत उघडीनागडी मुलं फरशीवर पडलेली, काही स्वतःच्याच घाणीत माखलेली, आणि त्या सगळ्यांचा मिळून एक न थांबणारा आवाज. दिसतं ते दाखवता येतं, ऐकू येतं ते ऐकवता येतं, पण इथला वास तुमच्यापर्यंत कसा पोचवू, अशा अर्थाचं रिव्हेरा निवेदनात म्हणाला.

त्याच वर्षी खटला उभा राहिला. १९७५ मध्ये न्यायालयात तडजोड होऊन तिथल्या माणसांना टप्प्याटप्प्याने बाहेरच्या वस्तीत हलवायचं ठरलं, आणि १९८७ मध्ये विलोब्रुकला टाळं लागलं.

त्या खोलीतल्या एकाही मुलाला ‘तुझं चित्र घेऊ का?’ असं कुणी विचारलं नव्हतं. अनेकांना बोलताच येत नव्हतं. आणि व्यवस्थापनाला विचारलं असतं तर? परवानगी तरी मिळाली नसती, नाहीतर मिळाली असती आणि आदल्या रात्री फरशी धुऊन, मुलांना धुतलेले कपडे घालून ठेवलं असतं. सगळ्या नैतिक गुंत्याची गाठ इथे आहे.

संमती म्हणजे काय, होकार म्हणजे काय

या क्षेत्रात दोन शब्द वारंवार येतात. ‘संमती’ म्हणजे सगळं समजून-उमजून, दबावाशिवाय दिलेली आणि कायद्याने ग्राह्य धरलेली परवानगी. अठराच्या आतल्या मुलाच्या वतीने ती पालक देतो. ‘होकार’ म्हणजे मुलाचं स्वतःचं हो. त्याला कायद्याचं वजन असो वा नसो.

सहलीच्या चिठ्ठीवर आई सही करते, ती संमती. पण बसच्या पायरीवर पोरगं हंबरडा फोडत असेल तर चिठ्ठी दाखवून त्याला आत ढकलणारी शिक्षिका आपल्याला आवडत नाही. कागद पुरा असला तरी काहीतरी राहून गेलंय हे आपल्याला लगेच कळतं. होकार नव्हता.

घरातल्या मुलाच्या बाबतीत हे दोन्ही एका छपराखाली असतात. संस्थेतल्या मुलाच्या बाबतीत संमतीच्या कागदावर अधीक्षक सही करतो, किंवा एखादा सरकारी अधिकारी. म्हणजे ज्याच्या कारभाराकडे कॅमेरा रोखायचाय, तोच मुलाच्या वतीने ‘हो’ किंवा ‘नाही’ म्हणणार. पेपर ज्याने लिहायचा, त्यानेच तो तपासायचा. कारभार चांगला असेल तर त्याला देणगीदारांना दाखवायला गोड मुलं हवी असतात, तेव्हा तो पटकन हो म्हणतो. कारभार वाईट असेल तर त्याला अचानक मुलांच्या खासगीपणाचा कळवळा येतो. मुलाचं हित दोन्ही वेळा कागदावर लिहिलेलं असतं आणि दोन्ही वेळा ते सही करण्यामागचं कारण असेलच असं नाही.

मुलाच्या होकाराची वेगळीच अडचण. संस्थेत वाढणाऱ्या मुलाला घंटेवर उठायची, रांगेत उभं राहायची, पाहुणे आले की गाणं म्हणायची सवय असते. मोठं माणूस काही म्हणालं की ‘हो’ म्हणायचं, हे त्याच्या अंगात मुरलेलं असतं. नाही म्हणण्याची किंमत काय असते हे त्याला आपल्यापेक्षा चांगलं ठाऊक असतं. अशा मुलाला, अधीक्षक शेजारी उभा असताना, ‘तुला चालेल ना रे?’ असं विचारून मिळवलेला होकार म्हणजे निव्वळ आज्ञाधारकपणा.

यावर उपाय आहेत, आणि ते ऐकायला फार साधे वाटतात. विचारताना संस्थेचा माणूस खोलीबाहेर असावा. आणि एकदा विचारून थांबू नये. शूटच्या आधी, शूट चालू असताना, संकलनात आणि प्रदर्शनापूर्वी पुन्हा पुन्हा विचारावं. मला सगळ्यात पटलेला उपाय असा: ‘नाही’ची रंगीत तालीम. मुलाला सांगायचं, तू तळहात असा वर केलास की कॅमेरा बंद. मग लगेच तिथल्या तिथे त्याला हात वर करून बघायला लावायचं, आणि खरोखर कॅमेरा खाली ठेवायचा. दोनदा, तीनदा. मूल हसायला लागेपर्यंत. ज्या मुलाच्या शब्दाने आजवर कुठलंही यंत्र थांबलेलं नाही, त्याला आधी ते थांबतं याचा अनुभव द्यावा लागतो.

माया लावून निघून जाणारी माणसं

समजा, शूटचा तिसरा दिवस आहे. सात वर्षांचा एक मुलगा साउंडवाल्याला चिकटलाय. माइकवर वारा अडवायला केसाळ टोपडं घातलेलं असतं, ते तो मांजरासारखं कुरवाळतो. त्याला हेडफोन लावून स्वतःचा आवाज ऐकवला की खिदळतो. संध्याकाळी गाडी निघताना विचारतो, ‘उद्या येणार?’ साउंडवाला म्हणतो, येणार. तो येतोही, आणखी बारा दिवस. तेराव्या दिवशी येत नाही.

मुलांवर फिल्म करताना जवळीक लागते. त्याशिवाय मूल कॅमेऱ्यापुढे मोकळं होत नाही. आणि ज्याच्या आयुष्यात माणसं येतात आणि जातात हाच मूळ आजार आहे, त्या मुलाच्या आयुष्यात आपण आणखी एक येऊन-जाणारं माणूस होऊन बसतो.

या आजाराचं सगळ्यात नेमकं चित्रण ब्रिटनच्या जेम्स आणि जॉइस रॉबर्टसन या दांपत्याने केलं. १९६९ च्या त्यांच्या फिल्ममध्ये सतरा महिन्यांचं एक बाळ आहे. आई दुसऱ्या बाळंतपणाला गेल्यामुळे त्याला नऊ दिवस निवासी पाळणाघरात ठेवलंय. तिथल्या दाया प्रेमळ आहेत, पण पाळीनुसार बदलतात. बाळ एकीजवळ जातं, ती कामाला उठते. दुसरीजवळ जातं, तिची पाळी संपते. पुढे पुढे ते माणसांचा नाद सोडतं आणि एका मोठ्या कापडी अस्वलाला बिलगतं. जेवण टाकतं. नऊ दिवसांनी आई आली तर तिच्याकडे जायला तयार नाही.

फिल्म पाहताना कुणीही विचारेल: अहो, त्याला उचलून का घेत नाही? त्या फिल्मने बालसंगोपनाबद्दलचे विचार बदलायला मदत केली, हे खरं. ते बाळ त्या वेळी रडत होतं आणि खोलीत एक माणूस कॅमेरा चालवत होता, हेही खरं. पहिलं खरं आहे म्हणून दुसरं पुसलं जात नाही, असं माझं मत.

निदान निघून जाण्याची तयारी करता येते. किती दिवस येणार हे पहिल्याच दिवशी सांगणं, भिंतीवर दिवसांच्या खुणा करून रोज एक खोडणं, शेवटच्या दिवशी नीट निरोप घेणं. आणि ‘मी परत येईन’ हे वाक्य तोंडातून काढायचं नाही, तारीख ठरलेली असल्याशिवाय.

भिंतीवरचं घड्याळ

आणखी एक बाजू आहे, खरेपणाची. मूल बोलून खोडून काढू शकत नाही, त्यामुळे त्याच्याबद्दल काहीही सिद्ध करता येतं. दिवसातून दहा मिनिटं रडणाऱ्या मुलाची ती दहाच मिनिटं जोडली की दिवसभर रडणारं मूल तयार होतं.

जेम्स रॉबर्टसन यांना हे ठाऊक होतं. युद्धकाळात बालमनोविश्लेषक अ‍ॅना फ्रॉइड यांनी लंडनमध्ये चालवलेल्या पाळणाघरात ते बॉयलर सांभाळायचे. तिथे नियम असा होता की बॉयलरवाल्यासकट प्रत्येकाने मुलांबद्दल जे दिसेल ते कार्डावर लिहून ठेवायचं. पुढे १९५२ मध्ये त्यांनी किरकोळ शस्त्रक्रियेसाठी आठ दिवस रुग्णालयात राहिलेल्या एका दोन वर्षांच्या मुलीची फिल्म केली. त्या काळी ब्रिटिश रुग्णालयांत आईबापांना मुलाजवळ थांबू देत नसत. भेटीच्या वेळा मोजून-मापून. रॉबर्टसननी मुलगी यादीतून निवड न करता घेतली, रोज ठरलेल्या वेळीच कॅमेरा चालू केला, आणि चौकटीत भिंतीवरचं घड्याळ येईल असं पाहिलं. निवडक रडणं दाखवलंय असं कुणी म्हणू नये म्हणून.

फिल्म डॉक्टरांच्या सभेत दाखवली तेव्हा तरीही गदारोळ झाला. ही मुलगी अपवाद आहे, आमच्या वॉर्डातली मुलं खुशीत असतात, वगैरे. पण घड्याळ होतं. १९५९ मध्ये ब्रिटनमधल्या सरकारी समितीने मुलांच्या भेटीवरचे निर्बंध उठवावेत अशी शिफारस केली, त्यामागे या फिल्मचाही हात होता.

याच्या दुसऱ्या टोकाला १९६७ ची ‘वॉरेनडेल’ ही कॅनडाची फिल्म. भावनिक त्रासात असलेल्या मुलांच्या निवासगृहात अ‍ॅलन किंग यांनी ती चित्रित केली. चित्रीकरणाच्या काळात तिथली मुलांची लाडकी स्वयंपाकीण अचानक वारली. ही बातमी मुलांना सांगितली जाते तो प्रसंग म्हणजे फिल्मचा कळस. प्रत्यक्षात ती घटना आधी घडलेली होती, संकलनात तिला शेवटाकडे नेलं. त्यात खोटं एक फ्रेमही नाही, पण क्रम दिग्दर्शकाचा आहे. फिल्म ज्या वाहिनीसाठी केली तिने मुलांच्या तोंडच्या शिव्यांमुळे ती दाखवायला नकार दिला. म्हणजे मुलांच्या शोकाचं काय करावं हा प्रश्न बाजूला राहिला आणि शिव्यांवर चर्चा झाली. नैतिकतेच्या नावाखाली हे असं अनेकदा होतं.

‘चेहरा धूसर केला की झालं ना?’

हा सगळ्यात जास्त ऐकू येणारा आक्षेप, आणि याचं उत्तर तसं सोपं आहे: नाही, होत नाही.

माणूस ओळखू येतो तो चेहऱ्यावरून अनोळखी लोकांना. ओळखीच्यांना तो चालीवरून, आवाजावरून, खांदा पाडून उभं राहण्यावरून, मागच्या भिंतीच्या रंगावरून ओळखू येतो. आणि मुलाला नेमका धोका असतो तो ओळखीच्यांकडून: वर्गातली पोरं, गावातली माणसं, ज्याच्यापासून त्याला दूर ठेवलंय तो नातेवाईक. घरातला माणूस जिन्यातल्या पावलांवरून कळतो. तिथे चेहरा कुठे असतो?

भारतात बाल न्याय अधिनियम २०१५ चं कलम ७४ म्हणूनच फक्त चेहऱ्याबद्दल बोलत नाही. नाव, पत्ता, शाळा किंवा ओळख पटेल असा कुठलाही तपशील माध्यमांनी उघड करायचा नाही, असं ते सांगतं. काळजी आणि संरक्षणाची गरज असलेलं मूल त्यात येतं, म्हणजे संस्थेतली जवळजवळ सगळीच मुलं आली. अपवाद एकच: चौकशी करणारं मंडळ किंवा समिती, मुलाच्या हिताचं आहे अशी कारणं लेखी नोंदवून परवानगी देऊ शकते. २०१८ मध्ये बिहारमधल्या मुजफ्फरपूरच्या निवारागृहातल्या मुलींवरचे अत्याचार उघड झाले, तेव्हा सर्वोच्च न्यायालय एक पाऊल पुढे गेलं. त्या मुलींची चित्रं धूसर करूनही दाखवायची नाहीत, असं वाहिन्यांना बजावलं. ते प्रकरण उघड कसं झालं होतं, हेही लक्षात ठेवण्यासारखं आहे: टाटा समाजविज्ञान संस्थेच्या पथकाने केलेल्या सामाजिक लेखापरीक्षणाच्या अहवालातून. एकही चेहरा न दाखवता.

धूसर चेहऱ्याबद्दल मला आणखी एक खटकतं. काळी पट्टी किंवा धुरकट ठिपका आपण गुन्हेगारांच्या चेहऱ्यावर पाहत आलोय. मुलाने काहीतरी लाजिरवाणं केलंय, असा त्याचा नकळत अर्थ लागतो. त्यापेक्षा पाठमोरं मूल, त्याचे हात, कपाटातला त्याचा कप्पा, त्याने काढलेलं चित्र, रिकामी झोपायची खोली, हजेरीचं रजिस्टर, कुलूप यांतून कितीतरी सांगता येतं. संस्थेवरची फिल्म असेल तर दाखवायची संस्था असते.

‘मग संस्थावाले खासगीपणाची ढाल पुढे करतील’

करतात. हा आक्षेप हलक्यात घेण्यासारखा नाही.

अमेरिकेत मॅसॅच्युसेट्स राज्यात मनोरुग्ण कैद्यांसाठी ब्रिजवॉटर नावाचं सरकारी रुग्णालय होतं. तिथे फ्रेडरिक वाइझमन यांनी १९६६ मध्ये चित्रीकरण करून पुढच्या वर्षी ‘टिटिकट फॉलीज’ ही फिल्म आणली. तिथली माणसं प्रौढ होती, पण कुलूपबंद आणि परावलंबी असण्याच्या बाबतीत फरक नव्हता. अधीक्षकांची परवानगी होती. फिल्ममध्ये माणसांना नागडं करून कोठडीत ठेवलेलं दिसतं, पहारेकरी एकाला चिडवत राहतात. फिल्म बाहेर येताच राज्य सरकार न्यायालयात धावलं: कैद्यांच्या खासगीपणाचा भंग! १९६८ मध्ये न्यायाधीशांनी फिल्म नष्ट करायला सांगितलं. १९६९ मध्ये वरच्या न्यायालयाने ती फक्त डॉक्टर, वकील, समाजसेवक, विद्यार्थी अशांनाच दाखवायला मुभा दिली. सामान्य प्रेक्षकांसाठी बंदी उठली ती १९९१ मध्ये. ज्या सरकारने माणसांच्या अंगावर कपडा ठेवला नव्हता, ते त्यांच्या अब्रूसाठी भांडत होतं.

म्हणून फक्त ‘परवानगी नाही’ म्हणून फिल्म वाईट, असं म्हणता येत नाही. मात्र १९६९ चा तो निकाल मला आता वेडगळ वाटत नाही. तो एक प्रश्न विचारतो जो फिल्मवाले क्वचित विचारतात: हे नेमकं कोणी पाहायला हवं? काही दृश्यं न्यायाधीशापुढे, चौकशी आयोगापुढे, खात्याच्या सचिवापुढे ठेवली तर काम होतं. तीच दृश्यं लाखो फोनवर गेल्याने मुलाच्या पदरात जास्तीचं काही पडत नाही. पुरावा आणि प्रदर्शन या दोन वेगळ्या वस्तू आहेत.

‘मोठी होऊ द्या, मग विचारा’

आयर्लंडमध्ये नेमकं हेच झालं. तिथल्या धार्मिक संघांनी चालवलेल्या निवासी शाळांमध्ये दशकानुदशकं मुलांवर अत्याचार झाले होते. १९९९ मध्ये मेरी राफ्टरी यांनी सरकारी वाहिनीसाठी ‘स्टेट्स ऑफ फियर’ ही तीन भागांची मालिका केली. बोलणारी माणसं मोठी, स्वतःच्या मर्जीने. ११ मे १९९९ रोजी पंतप्रधानांनी सरकारच्या वतीने माफी मागितली, चौकशी आयोग नेमला गेला, २००९ मध्ये त्याचा पाच खंडांचा अहवाल आला. संमतीच्या दृष्टीने याहून निर्मळ उदाहरण सापडणं कठीण.

आणि तरीही अडतं. ती माणसं बोलली तेव्हा त्यांचं बालपण संपून तीस-चाळीस वर्षं झाली होती. आज रात्री ज्या मुलाला मार बसणार आहे, त्याला ‘तू पन्नाशीचा झालास की तुझी मुलाखत घेऊ’ असं सांगणार?

मधला रस्ता म्हणजे, आज चित्रित करताना उद्याच्या मोठ्या माणसाला खोलीत बसलेलं धरायचं. १९६४ मध्ये ब्रिटनच्या एका वाहिनीने सात वर्षांच्या चौदा मुलांना कॅमेऱ्यासमोर बसवलं आणि पुढे दर सात वर्षांनी त्यांच्याकडे परत जात राहिले. त्यातली दोन मुलं धर्मादाय बालगृहात राहणारी. त्यांपैकी एकाने ‘विद्यापीठ म्हणजे काय?’ असं निरागसपणे विचारलं, आणि ते वाक्य पिढ्यान्‌पिढ्या दाखवलं गेलं. पुढे काही जणांनी मालिकेतून अंग काढून घेतलं; एकाने तर वर्तमानपत्रांतल्या टीकेला कंटाळून. त्यांना अंग काढून घेता आलं, हे महत्त्वाचं. पण सात वर्षांचे असतानाचं चित्रण परत घेता आलं नाही. तेव्हा एरवी फिल्म एकदा टीव्हीवर लागायची आणि डब्यात जायची. आता तिचे तुकडे होतात, वीस सेकंदांचे, गाणं चिकटवून, आणि नोकरीच्या मुलाखतीला बसलेल्या पंचविशीच्या माणसाच्या आधी ते टेबलावर पोचलेले असतात. युरोपच्या २०१८ पासून लागू झालेल्या माहिती-संरक्षण कायद्यात लहानपणी दिलेली संमती मोठेपणी मागे घेऊन माहिती पुसायला सांगण्याचा विचार केलेला आहे. पत्रकारितेला त्यातून सवलती आहेत, त्यामुळे माहितीपटांवर त्याचा अंमल मर्यादितच.

‘पण फायदा तर झाला ना?’

कधी होतो. बल्गेरियातल्या मोगिलिनो गावच्या अपंग मुलांच्या संस्थेवर केट ब्लूएट यांची फिल्म २००७ मध्ये बीबीसीवर आली, युरोपभर संताप उसळला, २००९ मध्ये ती संस्था बंद झाली. मुलांची नावं आणि चेहरे फिल्ममध्ये उघड होते. ते नसते तर संताप उसळला असता का? मला ठामपणे ‘हो’ म्हणता येत नाही, आणि हा माझ्या बाजूचा कच्चा दुवा आहे.

पण फायद्याचा हिशोब मांडायचा तर पुढची पानंही उलटावी लागतात. रुमानियात १९८९ च्या डिसेंबरात चाउशेस्कूची राजवट पडली आणि परदेशी कॅमेरे अनाथाश्रमांत पोचले. एक लाखाहून जास्त मुलं अशा संस्थांमध्ये होती. दृश्यं भयंकर होती, जग हळहळलं आणि दत्तक घ्यायला धावलं. १९९० पासून १९९१ च्या मध्यापर्यंत सुमारे १०,००० मुलं देशाबाहेर गेली. दलाल उभे राहिले. अनेक मुलं तर संस्थेतली नव्हतीच, थेट गरीब आयांकडून घेतलेली. शेवटी १९९१ मध्ये सरकारला परदेशी दत्तकविधान थांबवावं लागलं. चित्रांनी करुणा जागवली. करुणेने मागणी निर्माण केली. मागणी आली की पुरवठा करणारे येतातच.

जगभरच्या बालगृहांतल्या बहुतांश मुलांचे आई किंवा वडील, निदान एक पालक, हयात असतो. मूल तिथे येतं ते मुख्यतः गरिबीमुळे. त्याचा रडवेला क्लोजअप पाहून आलेली देणगी संस्थेला जाते, आईला जात नाही. संस्था वाढते, खाटा वाढतात, खाटा भरायला मुलं लागतात. करुण फिल्मने कधी कधी नेमकं तेच दुखणं पोसलं जातं जे ती बरं करायला निघाली होती. म्हणून फिल्म पाहताना मी हल्ली एक गोष्ट तपासतो: यात मुलाच्या आईला कुणी शोधलंय का?

कॅमेरा खाली कधी ठेवायचा

याला फार शब्द नकोत. डोळ्यांदेखत मुलाला इजा होत असेल तर कॅमेरा खाली. भारतात लैंगिक अत्याचाराची माहिती मिळाल्यावर ती कळवणं पॉक्सो कायद्याने प्रत्येकावर बंधनकारक आहे. ‘फिल्म पुरी झाली की सांगू’ हा पर्याय दिग्दर्शकालाही नाही. कुणाला फोन करायचा, मुलाला त्या रात्री कुठे न्यायचं, हे पहिला शॉट घेण्याआधी कागदावर असायला हवं. तक्रार केल्यावर क्रू निघून जातो आणि मूल त्याच छपराखाली राहतं. तक्रारीची किंमत मोजतं ते मूलच.

फिल्म दीड तासाची, फुटेज दीडशे तासांचं

यावर जवळजवळ कुणी बोलत नाही, म्हणून थोडं लांबवतो.

फिल्ममध्ये येतं ते घेतलेल्या चित्रणाचा छोटासा तुकडा. उरलेलं हार्ड डिस्कवर, निर्मात्याच्या कपाटात. त्यात काय असतं? मूल अंथरूण ओलं करून उठलेलं. मूल एखाद्या ताईबद्दल काहीतरी सांगून मग ‘हे कुणाला सांगू नका’ म्हणालेलं. वापरायचं नाही असं ठरवून बाजूला ठेवलेलं सगळं. निर्मिती संस्था बंद पडली, विकली गेली, की ते कपाट कोणाचं? रिलीज फॉर्मवर, म्हणजे चित्रण वापरायच्या परवानगीच्या कागदावर, याबद्दल बहुधा एकच ओळ असते, सर्व हक्क निर्मात्याकडे. आणि त्या फॉर्मवर अधीक्षकाची सही.

दुसरीकडे, घरात वाढलेल्या मुलाचे फोटो असतात. दात पडलेला, शाळेचा पहिला दिवस, वाढदिवसाची टोपी वाकडी झालेली. ते बघायला त्याला कुणाची परवानगी लागत नाही. संस्थेत वाढलेल्या मुलाकडे पुष्कळदा यातलं काही नसतं. फाइलला टाचलेला एखादा पासपोर्ट साइज फोटो, तोही कार्यालयात. सात वर्षांचे असताना आपण कसे हसायचो, आपला आवाज कसा होता, हे त्याला सांगणारं कुणी नसतं.

ते त्या कपाटात असतं. केसाळ माइक कुरवाळणारा, हेडफोनमध्ये स्वतःचा आवाज ऐकून खिदळणारा तो. वापरता न आलेलं फुटेज, कारण त्यात माइक चौकटीत आला होता. संकलकाच्या दृष्टीने बाद शॉट. पंचविशीत तो निर्मात्याच्या दारात येऊन उभा राहिला आणि म्हणाला, ‘त्यातलं माझं मला द्याल का?’, तर आजच्या बहुतेक कागदांनुसार निर्माता नाही म्हणू शकतो.